आरोपी वेळेवर आला

३ जानेवारी
आजपासून रोजनिशी. केस चालू असताना मुद्दे टिपलेले बरे. मुद्दा एक : लेकीला पळवून नेलं. मुद्दा दोन : लग्न बनावट. सही तिचीच आहे, पण दबावाखाली. दबाव आला की तिचं अक्षर तिरकं होतं. (दाखला पुन्हा पाहिला. अक्षर सरळ आहे. दबाव फारच मोठा असणार.) मुद्दा तीन : लेक अवघी सव्वीस वर्षांची.

९ जानेवारी
आरोपीने हायकोर्टात अर्ज टाकलाय, माझी तक्रार रद्द करा म्हणून. काय हिंमत! फ्रीज दुरुस्त करतो. याहून जास्त त्याच्याबद्दल लिहिणार नाही. आमचे वकील म्हणाले, काका, मुलगी सज्ञान आहे, मिटवून टाका. पोरगेलेसे आहेत. तासभर समजावून सांगितलं. तीनदा घड्याळ बघितलं त्यांनी.

१८ जानेवारी
सुनावणी. ती आली होती. निळा ड्रेस. पार वाळलीये. ही म्हणते, उलट अंग धरलंय. हिला काय कळतंय! पुढची तारीख पडली. निघताना लेकीने लांबून खूण केली. 'बाबा, मला सोडवा' हा अर्थ स्पष्ट होता. हिच्या मते माझ्या शर्टाचं बटण उघडं होतं.
बटण उघडं होतं, ही गोष्ट वेगळी.

२ फेब्रुवारी, सकाळी ९
फ्रीज बंद. दूध नासलं. लेकीला फोन केला. (तिचा ठावठिकाणा माहीत नाही, असं तक्रारीत लिहिलंय. पण फोन करायला ठावठिकाणा लागत नाही.) म्हणाली, अकराला माणूस पाठवते.

दुपारी १२
माणूस म्हणजे खुद्द आरोपी! दारातूनच हाकलणार होतो, पण घरात आणखी दोन लिटर दूध होतं. करडी नजर ठेवून उभा राहिलो. हिने त्याला चहा दिला, वर बिस्किटं. मला मागूनही मिळत नाहीत. चाळीस मिनिटांत फ्रीज सुरू. कामाच्या कागदावर शेरा मागितला. एकतीस वर्षं कंपनीच्या स्टोअरमध्ये मी लोकांच्या कामावर शेरे लिहिले. वैरी असला म्हणून खोटं लिहिणार नाही. लिहिलं : 'काम चोख. माणूस वेळेवर आला. वागणूक नम्र.' खाली सही, तारीख.
आरोपी नजरेला नजर देत नव्हता. गुन्हेगार असेच असतात.

२० फेब्रुवारी
उद्या निकाल. भाषण तयार, साडेसात मिनिटांचं. आरशासमोर तीनदा म्हटलं. तिसऱ्यांदा मलाच हुंदका आला. तिची खोली झाडली. सामान आणायला टेम्पो सांगून ठेवला. ही उठून आत गेली. आनंदाने असेल.

२१ फेब्रुवारी
भाषण झालं नाही.
समोरच्या वकीलबाईंनी तो शेऱ्याचा कागद पुढे केला. न्यायमूर्तींनी मोठ्याने वाचला. 'वागणूक नम्र'ला सगळं कोर्ट हसलं. मला विचारलं, हा फरार आरोपी तुमच्या घरी आला होता? म्हटलं, हो. अक्षर तुमचं? हो. शेरा खरा आहे? इथे नाही म्हणायचं होतं. आमचे वकील पायावर पाय देत होते. पण माझा शेरा कधी खोटा नसतो. म्हटलं, खरा आहे.
मग लेकीला विचारलं. ती म्हणाली, घर मी माझ्या मर्जीने सोडलं, लग्नही मर्जीने केलं. आवाज जराही कापला नाही. तक्रार रद्द.
ती जिन्यापाशी थांबली होती. मी मागच्या दाराने निघालो. टेम्पोवाल्याचे चार फोन आले. उचलले नाहीत.

२३ फेब्रुवारी
वकिलांकडे गेलो. म्हटलं, वरच्या कोर्टात जाऊ. म्हणाले, काका, तिथेही हराल. म्हटलं, हरू द्या हो. तारखेला ती येते. मला ती बघायला मिळते.
त्यांनी फाईल मिटली. मग म्हणाले, एवढंच असेल तर सरळ तिच्या घरी जा.
यांना बोलायला काय जातंय. पत्ता हिने केव्हाच लिहून ठेवलाय. बस कोपऱ्यावरून सुटते.
पण दार उघडल्यावर काय सांगू, कशाला आलो म्हणून?