कल्पी तिच्यापाशी बोलते

८ सप्टेंबर २००९, मंगळवार
शिंगाडे कवळेच आहेत, तरी दोन टोपले काढून आणले यांनी. उकडून सौंदडच्या स्टेशनवर नेले. मी डब्याडब्यानं ओरडत, कल्पी मागं तराजू घेऊन. नेहमीचंच. आज एका खिडकीतल्या माणसानं मले सोडून तिलेच विचारलं, "पाव कितने का?" तिचं सुरू झालं, प… प… प… गाडी काय तिच्यासाठी थांबते? मी सांगून टाकलं, पाच रुपये. माणसानं पैसे दिले, पुडा घेतला, गाडी सुटली. पोरगी माझ्याकडे पाहत उभी.
"काय पाह्यतं? घे टोपला."
बारावी पास आहे, एकोणीस पुरे झाले. पाच म्हणता येत नाही.

१३ सप्टें., रविवार
बकरी समाज मंदिराच्या मागं गेली होती, आणायले गेली. आत स्मिताबाईचा पोरींचा वर्ग चालू. वर्ध्याकडची आहे ती, संस्थेची. गावात खोली घेऊन राहते, सायकलवर फिरते. दर रविवारी पोरी जमवते. शिकवत तर काहीच नाही. फळा नाही, खडू नाही. म्हणे पोरींनी स्वतःले कमी समजू नये. कमी कोण समजून राहिलं?
भिंतीले लागून उभी राहिली. कल्पीचा आवाज. शिंगाडे काढायच्या डोंग्यात, आमच्या लहान नावेत, साप निघाला ते सांगत होती. अडकत होती, थांबत होती, पुन्हा धरत होती. ती बाई सुपात तांदूळ निवडत बसली होती. मान वर नाही, "हं" नाही, काही नाही. पोरीबी चूप. एका शब्दावर तर इतकी अडकली की माझेच दात आवळले. पण सांगितलं तिनं. पुरं सांगितलं. शेवटी सगळ्या हसल्या अन् कल्पी सगळ्यात मोठ्यानं.
माझ्या पोरीचं हसणं मी भिंतीमागून ऐकलं. बकरी तशीच राहिली.

१४ सप्टें.
सकाळी विचारलं, "डोंग्यात साप निघाला, मले काऊन नाई सांगतलं?"
"स… सांगत होती."
"कवा?"
"तू म्ह… म्हटलं, साप निघाला का, मार मंग. अन् ग… गेली."
मले आठवत नाही. म्हटलं असेल. साप निघाला तर दुसरं काय म्हणतात?

२० सप्टें., रविवार
स्मिताबाई घरी आली. वर्ग झाला अन् कल्पीच्याच सोबत. कल्पीनं चहात दूध टाकलं, पाहुण्यासारखं. आम्ही काळा पितो. पाट पुसून दिला. तिच्यापाशी बसून मासे कसे सुकवतात ते सांगत बसली. मासे मी शिकवले सुकवायले. मी चुलीपुढं, धूर डोळ्यात.
मधात कल्पी कुठंतरी अडकली, मी शब्द दिला. नेहमी देते. तर बाई म्हणते, "काकू, तिचं वाक्य तिला संपवू द्या ना."
मी म्हटलं, "बाई, तुमाले थांबाचा पगार भेटते. मले शिंगाडे इकाचे हायेत."
ती हसली. राग आला नाही तिले, त्याचाच मले राग आला.
गेल्यावर कल्पीनं तिचा कप आधी घासला. माझा तसाच पडून होता.
बाईचे केस खांद्यापर्यंत कापलेले. लेकरू नाही, नवरा नाही. रात्री ताप आला तर पोरगी कोणाच्या कुशीत येते, ते विचारायले पाहिजे होतं. राहून गेलं.

२४ सप्टें.
यांना म्हटलं, पोरगी हातची जाऊन राहिली. हे म्हणे, "कुठं जाऊन राहिली? थे पाह्य, जाळं धुऊन राहिली." यांच्याशी बोलण्यात काही नाही.
आता शब्दबी तिचेच वापरते. "मला बरं वाटलं नाही" म्हणते. आमच्यात कोणी असं म्हणत नाही. बरं वाटलं नाही तर माणूस भांडे आदळते.

२ ऑक्टोबर, शुक्रवार
गांधी जयंतीचा कार्यक्रम, शाळेच्या पटांगणात. स्मिताबाईनं पोरींचे नाव दिले होते बोलायले. कल्पीचंबी. मले आठ दिवस कोणी सांगितलं नाही. शेजारणीनं सांगितलं.
कल्पी चौथी उठली. माइकपुढं गेली. निळा ड्रेस, मीच इस्त्री करून आणला होता. "माझं नाव क… क…" अन् तिथंच. सरपंच घड्याळ पाहून राहिले. मागं पोट्टे खुसुखुसु करून राहिले. तिची मान हलून राहिली, डोळे मिटले. आवाज येईच ना. कितीक वेळ. कोणाच्यानं पाहवलं असतं?
मी बायांमधून ओरडली, "कल्पना! कल्पना म्हण ना वो!"
सगळं पटांगण हसलं.
खाली उतरली, माझ्याकडे न पाहता शाळेमागं गेली. स्मिताबाई धावली मागं.
खरं लिहिते, इथं कोण पाहते. ती अडकली तवा आधी माझ्या पोटात थंड वाटलं. म्हटलं, पाह्य बाई, तुह्या वर्गानं काय झालं. मग ते हसले अन् माझं पोट जळलं. दोन्ही एकाच मिनिटात झालं.

४ ऑक्टो., रविवार
दोन दिवस झाले, माझ्याशी एक शब्द नाही. अडकतबी नाही. बापाले हातानं दाखवते मीठ दे, पाणी दे. मले तेबी नाही. ताट ठेवते अन् जाते.
काय चुकलं माझं? लटकू द्यायची होती तिथं, गावापुढं?
म्हटलं, आज तरी नाही जाणार. ज्या बाईनं तोंडघशी पाडलं तिचं तोंड पाहणार नाही. तर दुपारी वेणी घालून निघाली. तिकडेच. पडली तिच्यापायी, अन् उठायलेबी तिच्याकडेच गेली.

७ ऑक्टो.
गेली स्मिताबाईच्या खोलीवर. सगळं मनात ठरवून गेली होती काय काय बोलायचं. म्हटलं, "माह्या पोरीले बोलावू नका आता."
ती म्हणे, "बसा काकू. माझं चुकलं. तिला विचारलं होतं, ती हो म्हणाली होती, पण इतक्या लोकांपुढं पहिल्याच वेळी उभं करायला नको होतं. मी घाई केली."
आता भांडू कोणाशी? तयारी वाया गेली.
मग विचारते, "तुमच्याशी काय बोलते ती?"
"सगळं बोलते," म्हटलं मी. खोटं.
"तुमच्यापाशी काय बोलते?" म्हटलं.
"ते तिलाच विचारा."
मांडणीवर आमचा डबा दिसला, कडीचा. यांना वाटून राहिलं होतं हरवला. त्यात सुकटीची चटणी. माझ्या हातची, माझ्याच घरून. तिथल्या तिथं चटणी तिच्या वाटीत काढून दिली अन् डबा घेऊन आली.
वाटी भरून दिली, हेबी लिहिते. लोभी कोणी म्हणू नये.

१२ ऑक्टो.
बहीण आली होती, स्थळ घेऊन. पोरगा गोंदियाले राइस मिलात आहे, मशीनवर. मायबापाचा एकटा. मंडईच्या दिवशी, गावच्या जत्रेले येतील, मंडईबी पाहतील अन् पोरगीबी. दिवाळीनंतर आमच्याकडे निम्मे सोयरे मंडईतच जुळतात.
बहिणीनं विचारलं, "कल्पीच्या बोलण्याचं काय सांगू?"
"लाजरी हाये म्हण. कमी बोलते म्हण. लगन झाल्यावर कोण भाषण कराले सांगते?"
कल्पी आतून ऐकत होती. बहीण गेल्यावर दारात आली. दहा दिवसांनी बोलली माझ्याशी.
"मी स… सांगीन. माझं मी."
"काय सांगशीन?"
"अ… अडकते म्हणून."
"सांग अन् मंग बस घरी जिंदगीभर. हे स्मिताबाईनं शिकवलं का?"
"नाई. मी म्हणते."
पटलं नाही मले. तिच्या प्रत्येक बोलण्यात मी त्या बाईले शोधून राहिली आजकाल. सापडतेच. एकोणीस वर्ष माझ्याजवळ राहिली, माझं काही सापडत नाही तिच्यात.

१६ ऑक्टो.
दिवाळीचं सारवून राहिलो दोघी. ती अंगण, मी ओटा. ती काही सांगायले लागली, "आई, त्या र… र…" माझ्या तोंडून निघून गेलं, "रांगोळी?" ती चूप झाली. रांगोळी नव्हती. काय होतं ते सांगितलं नाही. मी पुन्हा पुन्हा विचारलं. "र… राहू दे" म्हणे.
राहू दे हे पहिल्या झटक्यात आलं.

२४ ऑक्टो., शनिवार
आज मंडई. पाहुणे दुपारी आले. पोरगा, त्याची माय, त्याचा मामा. बाहेर दंडारीच्या नाचाचे ढोल सुरू झाले होते, पोट्टे धावून राहिले.
कल्पीनं पोहे आणले, शिंगाडे उकडलेले. पोराची माय म्हणे, "नाव काय बाई तुहं?"
"म… माझं नाव क… क…"
माझ्या दातांपर्यंत आलं होतं. पदर तोंडात धरला. हे माझ्याकडे पाहून राहिले. बहीण मले कोपरानं ढोसून राहिली, सांग ना, सांग ना. नाही सांगितलं. जन्मात इतकं कठीण काम केलं नाही. बाळंतपण सोपं.
"कल्पना," म्हटलं तिनं. "मी अ… अडकते. लहानपणापासून. थ… थांबलं त होते पुरं."
पोराच्या मायनं बहिणीकडे पाहिलं. "तू त लाजरी म्हने वो."
बहीण चहाच्या निमितानं उठली.
मी मनात म्हटलं, गेलं स्थळ. तर पोरगी अजून उभीच. पोराकडे पाहून म्हणते, "तुम्ही दा… दारू पिता का?"
मामाले ठसका लागला. यांनी छपराकडे पाहिलं. पोरगा लाल झाला. म्हणे, "कभी कभी. होळीले." मग म्हणे, "मिलात सगळेच घेतात, मी जास्त नाही."
"जास्त म… म्हणजे किती?"
अन् थांबली उत्तराले. जसं तिच्यासाठी थांबावं लागते तशीच थांबली. पोरानं सांगितलं. त्याच्या मायले नवीन होतं ते, तिच्या तोंडावरून दिसलं.
जाताना म्हणे, घरी बसून इचारतो, कळवतो.
मले पाहायले आले तवा मी मान वर केली नव्हती. माझी जीभ तर धड होती. कोणी अडवलं नव्हतं, एक शब्द विचारला नाही. हे पितात का, तेबी लग्नाच्या दुसऱ्या महिन्यात कळलं. माझ्याच पोरीचा हेवा वाटून राहिला आज. त्या बाईचा वाटते ते कमी होतं का.
पाहुणे गेले तशी कल्पी मंडईत पळाली. मी बांगड्यांच्या दुकानापाशी पाहिलं, स्मिताबाई अन् ती, दोघी एकाच कागदातून जिलबी खात. कल्पी हात हलवून हलवून सांगत होती. पहिले तिले सांगितलं. दारूचं विचारायचं मनात कसं आलं, हेबी तिलेच सांगितलं असेल.
जिलबी मीबी घेतली. एकटीनं खाल्ली.

२९ ऑक्टो.
शिंगाडे आता भरले. सौंदडले गेलो. आज कल्पी पुढं गेली, मले म्हणे तू त… तराजू धर. ओरडत नाही ती. खिडकीपाशी उभी राहते अन् टोपला वर करून धरते. कोणी विचारलं तर सांगते. दोन गिऱ्हाईक गेले तिच्या थांबण्यात, तीन राहिले. एक म्हातारी पूर्ण वेळ तिच्या तोंडाकडे पाहत होती, घाई नाही, जसा काही मालच तो.
मी तराजू धरून उभी. हात रिकामे नव्हते, तोंड रिकामं. काय करावं सुचेना.

३१ ऑक्टो.
बहिणीचा फोन. पोराकडून निरोप आला. पोरगी पसंत आहे. माय थोडी कुरकुर करून राहिली, पण पोरगा ऐकत नाही. म्हणे, घरात कोणी तरी विचारणारं पाहिजे. आता तुमच्याकडचं सांगा, म्हणे.
हे म्हणे, हो म्हणून टाक.
मी म्हटलं, पोरीले विचारते.
हे माझ्याकडे असे पाहत राहिले, जसा मले ताप आहे.

१ नोव्हेंबर, रविवार
सकाळी तलावाच्या पाळीवर बसलो होतो, दोघी. ती शिंगाड्याची माती धुऊन राहिली, मी फुटके बाजूले काढून राहिली. म्हटलं, "निरोप आला. पोरगा हो म्हणते. तुहं काय?"
"आई, मले तो पोरगा प… प…"
पसंत हाये. पसंत नाई. दोन्ही प. मी मान खाली घातली, फुटके काढत राहिली. चांगलेबी फुटक्यात जाऊन राहिले माझ्या हातून. ती थांबली, पुन्हा धरलं, "प…"
तेवढ्यात पाळीवरून सायकल. स्मिताबाई. वर्गाची वेळ झाली होती. दुरूनच, "कल्पना, चल—"
मी म्हटलं, "थांबा बाई. पोरगी माह्याशी बोलून राहिली."
ती थांबली. एक पाय खाली टेकवून, सायकल धरून. चूप. मले बरं वाटलं. तिचाच शब्द आहे, पण वाटलं.
कल्पीनं तिच्याकडे पाहिलं, मग माझ्याकडे. हसली. हात पदराले पुसले. माझ्या पदराले.
"आ… आल्यावर सांगते," म्हणे. अन् गेली तिच्या सायकलमागं बसून.
दुपार झाली. वर्ग सुटला असेल, अजून आली नाही. तिकडे त्या बाईले सांगून राहिली का, जाऊन भिंतीपाशी उभं राहावं असं तीनदा वाटलं. बकरी तर दारातच बांधली आहे, निमितबी नाही.
बहिणीचा फोन वाजून राहिला. हे म्हणतात उचल. उचलून काय सांगू, पोरीचं बोलणं व्हायचं आहे अजून.