मोठीचा आवाज

प्रिय अक्का,

मेसेजात हे मावेना, म्हणून कागद घेतला. तुला एक विचारायचंय. रागवायचं तर शेवटी रागव, मधेच फाडू नकोस.

जळगावला दानिशच्या स्टुडिओत मी डबिंगला जाते, तुला ठाऊक आहे. स्टुडिओ कसला, भिंतींना गाद्या ठोकलेली कोंदट खोली! सध्या एक छोटी कार्टून फिल्म हिंदीत करतोय. धुक्यात हरवलेल्या दोन बहिणी. मी धाकटी. चाळिशी उलटल्यावर सहा वर्षांची झाले, हस! मोठीसाठी ठरलेली मुलगी ऐन वेळी आलीच नाही. दानिश म्हणाला, ताई, दोन्ही तुम्हीच करून बघा.

आधी मी आवाज जाड केला. डाकूसारखा निघाला, शी! मग पडद्यावरची मोठी कमरेवर हात ठेवून धाकटीवर डाफरली आणि माझ्या तोंडून गेलं, "चुप बैठ वं!" हिंदीत आपला खानदेशी 'वं'! दानिश हसून लोळला. मला मात्र हसू येईना. तो तुझा आवाज होता गं. फोनवर पुनी बोलतेय की अक्का, आपल्या नानांनाही कधी कळलं नाही. मग अख्खी मोठी मी तुझ्याच आवाजात केली. 'वं' तेवढा काढला.

घशाच्या ऑपरेशननंतर धुळ्याहून तुझे नुसते मेसेज येतात. 'जेवले.' 'बरी आहे.' डॉक्टरांनी तुझा जीव वाचवला, देव त्यांचं भलं करो, पण आवाज गेला तो गेलाच. इकडे दीपनगरच्या क्वार्टरमध्ये हे ड्युटीवर गेले की घर खायला उठतं. तुला फोन लावायला जाते, नि मग आठवतं. त्या खोलीत मात्र मी हाक मारत होते आणि तू ओ देत होतीस. ओ देणारीही मीच, हे काय मला कळत नव्हतं? तरी घरी निघावंसं वाटेना.

दानिशला सांगून फिल्म पुढे पाठवायची मी थांबवलीय. तुझा आवाज तुला न विचारता लोकांना कसा ऐकवू? ऐकून तुला बरं वाटेल की जखमेवर मीठ, मला काही सुधरत नाही. तू 'नको' लिहिलंस, तर दानिश मोठीसाठी दुसरी कुणी घेईल आणि माझं ते सगळं पुसून टाकेल. मी हूं की चूं करणार नाही. फक्त पुसायच्या आधी ते माझ्या मोबाइलवर घेऊ दे. कुणाला ऐकवणार नाही. मला तुझी फार आठवण येते गं.

तुझीच,
पुनी