आधी पाणी, मग खबर

आई,

तुझ्या मास्तर लेकाचा नमस्कार. झालो गं राजदूत! तीस वर्षं विद्यापीठात अखंड बडबडलो, आणि काल इथल्या राष्ट्राध्यक्षबाईंनी विचारलं, “काय काम घेऊन आलात?” तर तोंडातून शब्द फुटेना. पाहुण्याला पाणी न देता कुणी असं विचारतं का? पाण्याची वाट बघत बसलो!

तिथले अधिकारी सगळे घाबरले. शेवटी म्हणालो, “आमच्या गावी, कुमासीत, आधी पाणी देतात, मग खबर विचारतात. तसाच बोललो तर आई रागावेल.” बाई खळखळून हसल्या, स्वतः उठून पेला भरून आणला. मग काय बोललो म्हणून सांगू!

तुझा गुडघा कसा आहे? फुफूसाठी कंद कोण कुटून देतं? मी मजेत. एकट्यानं जेवायची सवय होतेय.

बाकीची खबर तुझ्या हातचं पाणी प्यायल्यावरच सांगेन.

तुझा,
ओपोकू