वेसिएर, मेकअप नऊ वाजता

१२ जानेवारी १९५३
राऊल वेसिएर गेले! काल, रविवारी, जेवता जेवता. चित्रपटाचा नायकच गेला आणि अकरा दिवसांचं चित्रीकरण बाकी. स्टुडिओत सगळे डोळे पुसत होते, मीही. आणि संध्याकाळी उद्याच्या कामाचा कागद करताना हाताने सवयीने लिहिलं — ‘वेसिएर, मेकअप नऊ वाजता.’ चौदा वर्षं सहाय्यक दिग्दर्शक आहे, अशी चूक कधी केली नव्हती. प्रती वाटूनही झाल्या.

१३ जानेवारी
दिग्दर्शक कारूझ साहेबांनी तो कागद माझ्यापुढे नाचवला. वाटलं, आता खरडपट्टी. तर म्हणाले, “लिहिलंस ना नऊ वाजता? मग जा, बस खुर्चीत. पाठ तुझी त्याच्यासारखीच आहे. पाठमोरी दृश्यं तू उरक.”
मी अडून बसलो — पोस्टातल्या कारकुनाची भूमिका मला कबूल केलीय, ती राहील ना? तीन वाक्यं, आणि कॅमेऱ्याकडे तोंड! बावीस चित्रपटांत मी म्हणजे नुसता हात, पाठ, नाहीतर प्रेत.
“राहील रे बाबा. तुझं थोबाड बघायला अख्खं पॅरिस रांगा लावील!”

१५ जानेवारी
कपडेपटातल्या हुगेतने वेसिएरांचा कोट माझ्या अंगावर चढवला. बाह्या चार बोटं लांब. टाचण्या लावल्या.

१६ जानेवारी
टाचण्या काढल्या. आता लागत नाहीत म्हणे.

१९ जानेवारी
शुक्रवारचं काम पडद्यावर पाहिलं. चालताना डावा खांदा किंचित पडतो — तो त्यांचा. मी तसं काहीच केलं नव्हतं! अंधारात कुणीतरी हुंदका दिला. कारूझ साहेब पाठीवर थाप मारून म्हणाले, “नक्कल करावी तर अशी!” खरं सांगायचं तर घाबरलो.
कँटीनवालीने न विचारता बिनसाखरेची कॉफी आणि उकडलेलं अंडं पुढे केलं. रोज ते घेत, तसं. मला अंडं आवडत नाही. खाल्लं.

२३ जानेवारी
माझं दृश्य! खिडकीमागे कारकून मी. मग कॅमेरा फिरवून, खिडकीपुढे पाठमोरा नायकही मीच. “इथे सही करा. पत्र आधीच उघडलेलं होतं. माझा दोष नाही.” तिन्ही वाक्यं एका दमात!
घरी बायकोला, मिरेयला, सांगितलं तर ती रडायलाच लागली. “आता कळेल आईला, मी कुणाशी लग्न केलं ते!”

२६ जानेवारी
पडद्यावर खिडकीमागे चेहरा — माझाच. माझं नाक, भुवईवरचा व्रण, सगळं स्वच्छ. दिवे लागले. मग कारूझ साहेब म्हणाले, “हे राऊलकडून कधी घेतलं आपण? मला कसं आठवत नाही?”
म्हटलं, साहेब, तो मी आहे. कुणी हसलं नाही. हुगेत कडाडली, “गेलेल्या माणसाची थट्टा करतोस, फिरमँ? लाज वाटत नाही?”
चौदा वर्षं राबलो. एक चेहरा मागितला होता, बाकी काही नाही!

२८ जानेवारी
दृश्य ठेवणार आहेत, पण नामावलीत माझं नाव नाही. भांडलो. साहेब नजर वर करेनात. आज मला चक्क अहो-जाहो केलं.

३० जानेवारी
किल्ली विसरलो होतो, घंटी वाजवली. मिरेयने दार उघडलं, घाईघाईने केस सारखे केले. “अगंबाई, मस्यू वेसिएर! या ना, बसा. फिरमँ अजून आला नाही स्टुडिओतून.”
मी बसलो.