तिसऱ्या वेळचं उत्तर

कॅमेराबाई,

तू गाढ झोपली आहेस म्हणून उठवत नाही. दूध तापवून झाकून ठेवलंय. कॅमेऱ्याची एक बॅटरी भरली, ती काढून ठेवली. दुसरीचा दिवा अजून लाल आहे. मी खालच्या मजल्यावर मुलांना भागाकार शिकवायला जातोय. जेवायला येईन.

कालच्या शूटिंगबद्दल एक सांगायचं आहे. "आई मला लाडाने काय म्हणायची?" असं तू विचारलंस. पहिल्यांदा मी म्हणालो, "आठवत नाही गं." तू म्हणालीस, "घाई नाही मामा, परत घेऊ या." दुसऱ्यांदा मी पाणी मागितलं. तिसऱ्यांदा "चिमुरडे" म्हणालो आणि तू कॅमेऱ्यामागे डोळे पुसलेस.

तो शब्द ताईचा नाही, माझा आहे. शिकायला येणाऱ्या प्रत्येक पोरीला मी तेच म्हणतो. हवं तर खाली येऊन ऐक. जन्मभर मुलांकडून रिकाम्या जागा भरून घेतल्या, त्यामुळे मलाही ही जागा कोरी सोडवली नाही.

तेव्हा फिल्ममध्ये पहिलं उत्तर ठेव. मामा मठ्ठ दिसला तरी चालेल. ताई गेली तेव्हा तू जेमतेम धावायला लागली होतीस. ती दारातून हाक मारायची आणि तू हातातलं टाकून धडपडत तिच्याकडे जायचीस, एवढं मी डोळ्यांनी पाहिलंय. हाक काय होती, ते खरंच आठवत नाही.

तुझा मामा