येरूशाबाईंची साक्ष

बीरशेबा, इस्राएल, १२ मे १९६३

ती. सिप्पोरामावशीस,
मिल्काचा शालोम. वि. वि.

वालाची पुडी पोचली. आईने शुक्रवारी बिरडं केलं, नईमने दोनदा मागून घेतलं. तू त्याला बगदादी पाव म्हणतेस हे मी सांगून टाकलं. बेकरीतल्या माणसाला याहून चांगलं काय म्हणणार, म्हणाला.

आमच्या लग्नाची नोंद मात्र अडली आहे. नोंदणीच्या रब्बींनी नईमला, बगदादी यहुदी म्हणून, नुसतं नाव विचारलं आणि सोडलं. आपल्या बेने इस्राएल लोकांना हल्ली आज्या-पणज्या विचारतात. तुझी नि आईची आई, रिबकाआजी, यहुदी घरातलीच होती का, हे शपथेवर सांगा म्हणाले. मी म्हटलं, मी आजीला पाहिलेलंच नाही. आई रागावली, नुसतं हो म्हणायला काय जात होतं तुझं! पण न पाहिलेल्याची शपथ कशी घेऊ, मावशी?

आता आजीच्या माहेरच्या, नवगावच्या कुणीतरी लिहून द्यावं लागेल, नात्यातलं नसलेल्या माणसाने. तसं कुणी आहे का? त्याशिवाय लग्न होणार नाही. मला झोप लागत नाही.

तुझी,
मिल्का

रेवदंडा, ३ जून १९६३

चि. मिल्का हिस अनेक आशीर्वाद. इकडे आम्ही सुखरूप आहोत.

शब्बाथ म्हणून शनिवारी तेलाचा घाणा बंद ठेवून पिढ्या गेल्या आपल्या, आणि आता आपल्याकडेच पुरावा मागतात! त्या रब्बीला म्हणावं, इथे ये, आपल्या नवसाचा मलिदा खा आणि मग विचार.

नवगावची आता एकच उरली आहे, येरूशाबाई. पण ती 'काळ्या' इस्राएलांपैकी. तिच्या आज्याने बाहेरची, यहुदी नसलेली बायको केली होती, म्हणून आपण 'गोऱ्यां'नी त्यांच्या घरचं पाणीही घेतलं नाही. मीसुद्धा नाही. तरी तुझ्यासाठी गेले. दारात घुटमळले, तर म्हणाली, ये गं बये, उंबरा चावत नाही. चहा दिला. मी प्यायले.

तिने स्वतःच्या हाताने लिहून दिलं, ते सोबत आहे. मी ते वाचलं, खोटं कशाला सांगू? माझे कान तापले. पण पुरावा पक्का आहे. देऊन टाक आणि लग्न उरक. तिची नात पनिनाही तिकडे यायचे कागद करते आहे, भेटेल तुला.

तुझी मावशी,
सिप्पोरा

बीरशेबा, ३० जून १९६३

ती. मावशीस,
मिल्काचा शालोम. वि. वि.

येरूशाबाई लिहितात, की आजीच्या लग्नात त्या बारा वर्षांच्या होत्या. आजीच्या वडिलांनी मांडवाच्या दारात पाहुण्यांच्या तीन-तीन पिढ्या विचारल्या. येरूशाबाईंच्या घरचं उत्तर ऐकून त्यांच्या हातातलं ताट काढून घेतलं आणि त्यांच्या सगळ्या घराला गोठ्याकडे बसवलं. जिथे एवढी राखण, तिथे बाहेरची बाई येणं शक्य नव्हतं, म्हणून रिबका अस्सल यहुदी. खाली सही.

मी तो कागद घेऊन रब्बींच्या कचेरीपर्यंत गेले. रब्बींनी तो मानलाच असता. पण त्यात येरूशाबाईंनी स्वतःच्या आज्याचंही सगळं खरं लिहून ठेवलं आहे. उद्या पनिना इथे लग्नाला उभी राहिली, तर तिला अडवायला तिच्याच आजीची सही पुढे येईल. मी बाहेरच्या बाकावर तासभर बसले आणि परत आले. कागद दिला नाही.

आईने कपाळावर हात मारला. मग नईमला सांगितलं. तो म्हणाला, थांबू, पीठ मळून ठेवलं की उलट बरं फुगतं. त्याची आई मात्र दोन दिवस माझ्याशी बोलली नाही.

या आज्या-पणज्या विचारण्याविरुद्ध आपले लोक कचेरीसमोर ठिय्या देणार आहेत. बुधवारपासून मीही बसणार आहे. चारचौघांत बसायची मला भीती वाटते, पण निदान तिथे न पाहिलेल्याची शपथ घ्यावी लागणार नाही.

कागद परत पाठवते आहे. तो येरूशाबाईंच्या हातात दे आणि का परत केला ते समजावून सांग. लग्नाची तारीख नाही, कदाचित वर्षभर नसेल. तरी पहिलं बोलावणं त्यांनाच कर. पत्राने नको, तू जाऊन कर.

रागावली असलीस तरी माया कमी करू नकोस.

तुझी,
मिल्का