आई अजून आजारी आहे

१४ मे
सकाळी आईपुढे भात आणि कॉफी ठेवली. "आई, जेवून घे." आठ महिने हेच म्हणते आहे. श्वास थांबला तरी अंत्यविधीचा पहिला रेडा पडेपर्यंत ती आजारीच, अशी आमची रीत. गेली, असं घरात कोणी म्हणायचं नाही. ती निजली आहे त्या पेटीवरची लाल चादर सारखी केली.

दुपारी बैठक झाली. तिला कड्यात कोरलेल्या कुठल्या थडग्यात ठेवायचं — बाबा आहेत त्या, त्यांच्या घराण्याच्या, की सादान गावी, तिच्या आईच्या?

सोंबोकाकांनी विचारलं, "वहिनी काही बोलली होती का? कोणाजवळ?" माझ्याकडेच बघत होते.

मी म्हटलं, "नाही."

१५ मे
बोलली होती! मागच्या वर्षी, कॉफीच्या बिया निवडताना. "चाळीस वर्षं तुझ्या बापाशेजारी झोपले, बास झालं. आता मला माझ्या आईशेजारी झोपू दे." आणि हसली. मग म्हणाली, "लग्न ठरलं तेव्हा मला विचारलं नव्हतं. नुसतं कळवलं. हे तरी माझं मला ठरवू दे. तू सांगशील ना?"

मी मान डोलावली होती.

वर्गात मुलांना सांगते, न घाबरता बोला. आणि काल पंधरा माणसांपुढे माझं तोंड उघडलं नाही.

२१ मे
तांदी मकास्सरहून आला. आधी आईपाशी बसला. "उशीर झाला गं आई, बस बंद पडली." मग मला — "ताई, ठरलं का?"

"हो. बाबांशेजारी."

भाऊ उठला. जिन्यावर जाऊन सिगरेट पेटवली.

२ जून
काका कड्यातल्या थडग्याचं दार उघडून, आतली जागा झाडून आले. खूश होते. "दादाच्या अगदी शेजारी! वहिनी म्हणेल, दिरानं चांगली सोय केली." सगळे हसले.

मीही हसले.

९ जून
आज तिला सांगायचं ठरवलं होतं. अजून ऐकते आहे ती. कॉफी ठेवली, बराच वेळ बसले. "आई, आज गारठा आहे," एवढंच म्हटलं.

१२ जून
पहिला रेडा पडला. आईला गेलेल्या माणसाच्या दिशेला वळवून ठेवलं. आता ती गेली.

तांदी अंगणात रडत होता. म्हणाला, "ताई, आई मला फोनवर म्हणाली होती, सादानला ने. मला वाटलं तू सांगशील. तू गप्प राहिलीस, तेव्हा वाटलं — तिचाच विचार बदलला असेल."

मी म्हटलं, "हो. बदलला होता."